वाचकांचे प्रश्न : गोष्ट लिहिणाऱ्यानेच ती विकावी का?

गेल्या अंकात नायजेरियाच्या चित्रपट व्यवसायावर, म्हणजे जगभर ज्याला ‘नॉलिवूड’ म्हणतात त्यावर, एक टिपण प्रसिद्ध झाले होते. त्यात पटकथालेखनातून निर्मितीत उतरलेल्या अमाका इग्वे यांचा ओझरता उल्लेख होता. त्या उल्लेखावर मराठवाड्यातून बरीच पत्रे आली, म्हणून या वेळचे सदर त्याच विषयाला दिले आहे. पत्रे संक्षेपाने घेतली असून पत्रलेखकांची नावे त्यांच्या इच्छेनुसार वगळली आहेत.

प्रश्न : मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिक्षिका असून एकांकिका लिहिते. पाण्याच्या टँकरचालकावरची माझी एक पटकथा लिहून तयार आहे. एका निर्मात्याने ती ‘सर्व हक्कांसह’ एकरकमी विकत मागितली आहे. माझ्या दिरांचा लग्नाच्या चित्रीकरणाचा व्यवसाय आहे आणि ‘वहिनी, आपणच करू की’ असे त्यांचे म्हणणे आहे. नायजेरियात लेखक निर्माते कसे झाले आणि त्यातून आम्ही काय घ्यावे? — एक वाचक, सेलू (जि. परभणी)

उत्तर : लेखक निर्माते झाले हे खरे, मात्र त्यांच्या आधी व्यापारी निर्माता झाला, आणि आपल्या प्रश्नाचे निम्मे उत्तर या क्रमातच आहे. १९८६ मध्ये नायजेरियाने आर्थिक पुनर्रचनेचा कार्यक्रम स्वीकारला, नायरा या चलनाचा भाव कोसळला आणि परदेशातून कच्ची फिल्म आणून ती परदेशी प्रयोगशाळेत धुऊन घेणे कुणाला परवडेनासे झाले. लागोससारख्या शहरात रात्री घराबाहेर पडणे धोक्याचे झाल्याने चित्रपटगृहेही ओस पडत चालली होती. घराघरांत मात्र व्हीसीआर आले होते. (वर्गणी काढून भाड्याने रंगीत टीव्ही आणि व्हीसीआर आणायचा आणि एका रात्रीत तीन चित्रपट उरकायचे, हे ज्यांनी आपल्याकडे पाहिले आहे त्यांना त्या काळची ही भूक वेगळी समजावून सांगायला नको.)

केनेथ न्नेब्वे हे त्या वेळी इलेक्ट्रॉनिक वस्तू आणि व्हिडिओ कॅसेट यांचे व्यापारी होते आणि योरुबा भाषेतील काही व्हिडिओपटांत त्यांनी पैसे घातलेले होते. ओकेचुक्वू ओगुन्जिओफोर हे जोस येथील दूरचित्रवाणी महाविद्यालयात शिकलेले तरुण होते; त्यांच्याकडे गोष्ट होती, पण पैसे नव्हते आणि पोटासाठी ते लागोसमध्ये फेरीचा धंदा करत होते. या दोघांची गाठ पडली आणि १९९२ मध्ये ‘लिव्हिंग इन बाँडेज’ हा व्हिडिओपट तयार झाला. संपत्तीच्या हव्यासापायी एका गुप्त पंथाच्या नादी लागून पत्नीचा बळी देणारा नवरा आणि त्याचा पाठलाग करणारे तिचे भूत, अशी त्याची गोष्ट आहे. दिग्दर्शन ख्रिस ओबी रापू यांचे होते. हा चित्रपट चित्रपटगृहाकडे न फिरकता थेट कॅसेटच्या रूपाने दुकानात आला आणि तुफान चालला.

या व्यवहारात गोष्ट एकाची होती. पैसा, कॅसेट आणि गिऱ्हाईक दुसऱ्याच्या हातात होते. पुढची दहा-पंधरा वर्षे सगळा व्यवसाय त्या दुसऱ्या बाजूने चालला. लागोसमधील इडुमोटा आणि अलाबा, ओनिचातील इवेका रस्ता, आबा शहर, या बाजारपेठांतले घाऊक विक्रेते, ज्यांना तिथे ‘मार्केटर’ म्हणतात, तेच पैसे पुरवत, तेच विषय ठरवत आणि वेष्टनावर कुणाचा चेहरा छापायचा हेही तेच सांगत. लेखकाला एकदाच काय ती रक्कम मिळे. त्यानंतर कॅसेट किती खपल्या, हे विचारण्याचीही त्याला सोय नसे. या विक्रेत्यांचा वचक एवढा होता की, मानधन फार वाढवले म्हणून २००४ मध्ये त्यांनी आघाडीच्या काही कलाकारांवर बंदीच घातली. कलाकारांची ही गत, तर लेखकाचे काय झाले असेल ते सांगायला नको.

अमाका इग्वे यांचे वेगळेपण इथे दिसते. त्यांचा जन्म १९६३ चा. ‘चेकमेट’ या गाजलेल्या दूरचित्रवाणी मालिकेच्या लेखिका त्या होत्या आणि तिच्या निर्मितीची जबाबदारीही त्यांनीच उचलली होती. तिथल्या दूरचित्रवाणीची रीत अशी की, स्वतंत्र निर्मात्याने प्रसारणाची वेळ विकत घ्यायची आणि जाहिरातदारही स्वतःच गाठायचा. त्यामुळे साबण विकणाऱ्या कंपनीच्या अधिकाऱ्यापुढे बसून आपल्या गोष्टीची किंमत ठरवणे अशा निर्मात्याला चित्रपटाच्या आधीच अंगवळणी पाडून घ्यावे लागे. त्याच मालिकेतील एक कुटुंब उचलून ‘फूजी हाऊस ऑफ कमोशन’ ही स्वतंत्र विनोदी मालिका त्यांनी उभी केली. एका लिखाणातून दुसरे उत्पन्न निघते, ते असे. हक्क विकून मोकळ्या झाल्या असत्या तर त्या कुटुंबावर त्यांची मालकी राहिली नसती. ‘रॅटलस्नेक’ (१९९५) आणि ‘व्हायोलेटेड’ (१९९६) हे चित्रपट त्यानंतरचे. पुढे त्यांनी स्टुडिओ काढला, रेडिओ केंद्र काढले आणि ‘बॉबटीव्ही’ नावाने आफ्रिकेतील चित्रपट व मालिकांच्या खरेदी-विक्रीचा मेळाही भरवला. माझ्या मते त्यांच्या सगळ्या कामात हा मेळा सर्वांत महत्त्वाचा, कारण विकणारे आणि घेणारे समोरासमोर आले की मधल्या दुकानदाराची मक्तेदारी आपोआप सैल होते. २०१४ मध्ये, वयाच्या ५१ व्या वर्षी, दम्याच्या झटक्याने त्यांचे निधन झाले.

आता आपल्या पटकथेविषयी. ‘सर्व हक्कांसह’ हे शब्द असलेल्या कागदावर आपण आहे त्या स्थितीत सही करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. आपल्याकडे १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात २०१२ मध्ये दुरुस्ती झाली असून चित्रपटगृहातील प्रदर्शन वगळता इतर मार्गांनी चित्रपटाचा वापर झाला, तर त्यातील स्वामित्वधनाचा (रॉयल्टीचा) लेखकाचा वाटा त्याला सोडून देता येत नाही. तो फक्त कायदेशीर वारसाला किंवा लेखकांच्या कॉपीराइट संस्थेला देता येतो. करारात मुदत लिहिलेली नसेल तर हस्तांतरण ५ वर्षांचे मानले जाते, प्रदेश लिहिलेला नसेल तर ते भारतापुरते मानले जाते, आणि वेगळे काही ठरलेले नसताना घेणाऱ्याने वर्षभरात हक्क वापरलाच नाही तर तो परत लेखकाकडे येतो. म्हणूनच निर्मात्याच्या मसुद्यात या तिन्ही बाबी ‘कायमस्वरूपी’, ‘संपूर्ण विश्वात’ अशा शब्दांनी आधीच बंद केलेल्या आढळतात. मुदत, भाषा, पुनर्निर्मिती, पुढचा भाग आणि रंगमंच या प्रत्येकासाठी वेगळे कलम मागा. मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे पटकथेची नोंदणी घरबसल्या करता येते. ती आधी करा आणि सही करण्यापूर्वी मसुदा वकिलाला दाखवा.

दिरांच्या प्रस्तावात तथ्य आहे, पण त्यात एक पंचाईतही आहे. टँकरची गोष्ट चैत्र-वैशाखातच चित्रित व्हायला हवी, आणि नेमके तेव्हाच सेलूपासून जिंतूरपर्यंतचा एकूण एक कॅमेरा, दिवे आणि ड्रोन लग्नाच्या मांडवात असतात. पाऊस पडला की यंत्रे रिकामी होतात, पण तोवर रान हिरवे झालेले असते. अशा वेळी पंचांग हाताशी घ्यावे. गुरू-शुक्राचा अस्त असेल तेव्हा मुहूर्त नसतात, आणि अधिक महिना उन्हाळ्यात आला, जसा २०२६ मध्ये १७ मे ते १५ जून असा अधिक ज्येष्ठ आहे, तर ऊनही मिळते आणि कॅमेराही मिळतो.

त्यानंतर प्रत्येक दृश्यासमोर खर्च लिहून काढा. टँकरच्या नळीतून पाणी भळाभळा वाहण्याचे दृश्य तीनदा घ्यावे लागले तर ते पाणी आणायचे कुठून, आणि रिकाम्या घागरी घेऊन उभ्या असलेल्या बायकांनी ते वाया जाताना का बघायचे? नुसता लेखक हे दृश्य लिहून पुढे जातो. निर्मितीचा भार असलेला लेखक कॅमेरा घागरींच्या रांगेवर ठेवतो आणि पाण्याचा फक्त आवाज ऐकवतो. दृश्य बहुधा त्यामुळे सुधारतेच.

प्रश्न : तिकडे दहा-बारा दिवसांत चित्रपट पूर्ण करतात असे ऐकतो. हे शक्य तरी आहे का? — एक वाचक, नांदेड

उत्तर : शक्य आहे आणि व्हिडिओच्या काळात ती रीतच होती. युनेस्कोच्या सांख्यिकी संस्थेने २००९ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पाहणीनुसार २००६ या एका वर्षात भारतात १,०९१, नायजेरियात ८७२ आणि अमेरिकेत ४८५ चित्रपट झाले. नायजेरियाचे हे सगळे चित्रपट व्हिडिओवर केलेले होते, त्यामुळे तुलना करताना थोडा हात आखडता घ्यावा. तरीही वेगाची कल्पना येते.

हा वेग येतो तो जागेच्या काटकसरीतून. लागोसमधील सुरुलेरे भागात किंवा असाबा शहरात एखादा बंगला भाड्याने घ्यायचा. दिवाणखान्यात सासरचे घर, मागच्या खोलीत दवाखाना, फाटकाशी पोलीस चौकी. वीज केव्हा जाईल याचा नेम नसल्याने जनित्र दाराशीच असते आणि त्याची घरघर त्या काळच्या कितीतरी चित्रपटांत संवादांच्या मागे स्पष्ट ऐकू येते. रस्त्यावर कॅमेरा लावला की मोहल्ल्यातली पोरे ‘आमच्या हद्दीत आलात’ म्हणून पैसे मागतात, म्हणून अनुभवी निर्माता त्याचीही तरतूद आधीच करून ठेवतो आणि लेखक रस्त्यावरची दृश्ये कमी लिहितो. एमेम इसाँग यांचे काम या बाबतीत पाहण्यासारखे आहे. कालाबार विद्यापीठात नाट्यशास्त्र शिकलेल्या या लेखिका नव्वदच्या दशकात या व्यवसायात आल्या, निर्मात्या झाल्या आणि पुढे लागोसमध्ये त्यांनी प्रशिक्षण संस्थाही काढली. ‘इमोशनल क्रॅक’ (२००३) या चित्रपटात मारहाण करणारा नवरा, त्याची बायको आणि त्याची मैत्रीण यांचा गुंता आहे. पात्रे थोडी, घडते ते बहुतेक घराच्या आत, आणि ताण मात्र पुरेपूर. आपल्याकडच्या एकांकिका स्पर्धांत तयार झालेल्या लेखकाला ही कला आधीपासूनच येत असते; त्याने चित्रपटासाठी म्हणून उगाच बैलगाड्यांची शर्यत लिहू नये.

या व्यवसायातली एक खोड मात्र घेऊ नये. एकच गोष्ट ताणून ‘भाग १’ आणि ‘भाग २’ अशा दोन कॅसेट विकायच्या, हा विक्रेत्यांचा आवडता उद्योग होता. गिऱ्हाईक दोनदा पैसे मोजत असे, आणि पायऱ्या चढणारी, मोटारीतून उतरणारी माणसे मिनिटामिनिटाने पडदा अडवून बसत.

प्रश्न : कॅसेटचा बाजार तर संपला. मग आता तिथला लेखक-निर्माता पैसे कुठून काढतो? यूट्यूबवर चित्रपट टाकणे शहाणपणाचे आहे का? — एक वाचक, उदगीर

उत्तर : कॅसेट गेली, सीडी आली, आणि त्याबरोबर नक्कल करणाऱ्यांचे फावले. नवा चित्रपट बाजारात आला की पहिल्या एक-दोन आठवड्यांत जे हाती लागेल तेवढेच खरे, अशी गत झाली. २००४ मध्ये लागोसमध्ये सिल्व्हरबर्डचे बहुपडदा चित्रपटगृह सुरू झाले आणि तिकीट काढून येणारा प्रेक्षक हळूहळू परतला. या नव्या काळात ‘द वेडिंग पार्टी’ (२०१६) चे उदाहरण मला फार बोलके वाटते. तो विक्रमी चालला, पण त्याहून महत्त्वाचे हे की, इबनीलाइफ, फिल्मवन, इंकब्लॉट आणि कोगा या चार कंपन्यांनी तो मिळून केला आणि त्यांतली फिल्मवन ही वितरणातली कंपनी होती. प्रदर्शन कसे होणार, हा प्रश्न त्यांनी चित्रपट संपल्यावर नाही, तर भागीदार निवडतानाच सोडवला.

फुन्के अकिंडेले यांची वाट निराळी आहे. त्या मूळच्या अभिनेत्री. २००८ च्या ‘जेनिफा’ची पटकथा त्यांनी स्वतः लिहिली आणि खेड्यातून विद्यापीठात आलेल्या त्या भाबड्या मुलीला घेऊन मालिका काढली, पुढचे चित्रपटही काढले. त्यांचाच ‘अ ट्राइब कॉल्ड ज्युडा’ (२०२३) हा देशांतर्गत तिकीटविक्रीत १ अब्ज नायरांचा टप्पा ओलांडणारा पहिला नायजेरियन चित्रपट ठरला. जेनिफा हे पात्र इतकी वर्षे चालवता आले, कारण ते त्यांच्याच मालकीचे होते.

परदेशी ओटीटी कंपन्यांवर फार विसंबू नये. नेटफ्लिक्सने २०१८ मध्ये ‘लायनहार्ट’ हा नायजेरियन चित्रपट घेतला तेव्हा सगळीकडे आनंदीआनंद होता. जानेवारी २०२४ मध्ये ॲमेझॉनने आफ्रिकेतील नव्या निर्मितीतून काढता पाय घेतला आणि तिच्या भरवशावर असलेले निर्माते अडचणीत आले. त्यानंतर अनेकांनी स्वतःच्या यूट्यूब वाहिन्या नेटाने चालवायला घेतल्या. अभिनेत्री, लेखिका आणि निर्मात्या ओमोनी ओबोली यांचा ‘लव्ह इन एव्हरी वर्ड’ मार्च २०२५ मध्ये त्यांच्याच वाहिनीवर आला आणि काही आठवड्यांत दोन कोटींहून अधिक वेळा पाहिला गेला. पण ही एका रात्रीत मिळालेली फळे नव्हेत. वाहिनीवर नियमाने नवे काही येत राहिले, प्रेक्षकाला सवय लागली, मग असा एखादा चित्रपट उसळी घेतो. उदगीरहून एकच चित्रपट करून तो यूट्यूबवर टाकायचा आणि वाट पाहत बसायचे, यात शहाणपण नाही. वाहिनी आधी, चित्रपट नंतर.

अनुदानाबाबतही अनेकांनी विचारले आहे. राज्य शासनाचे मराठी चित्रपट अनुदान चित्रपट तयार होऊन त्याचे परीक्षण झाल्यावर मिळते. ते गृहीत धरून सावकाराकडून पैसे उचलू नयेत, एवढेच सांगतो.

प्रश्न : आमच्या बोलीत चित्रपट केला तर तो कंधार-मुखेडच्या बाहेर चालेल का? आफ्रिकेत हे कसे जमते? — एक वाचक, कंधार (जि. नांदेड)

उत्तर : ‘लिव्हिंग इन बाँडेज’ हा इग्बो भाषेतला चित्रपट होता, इतरांसाठी खाली इंग्रजी अक्षरे होती. दोनच वर्षांनी न्नेब्वे यांनी ‘ग्लॅमर गर्ल्स’ मात्र इंग्रजीत काढला, कारण त्यांना इग्बो मुलुखाबाहेरचे गिऱ्हाईक हवे होते. भाषेचा निर्णय तिथे असा बाजार पाहून होतो. त्यात अस्मितेचा प्रश्न कुणी फारसा आणत नाही. योरुबा चित्रपटांना त्यांच्या फिरत्या नाटक मंडळ्यांचा जुना प्रेक्षक आयताच मिळाला होता. इंग्रजीचा तोटाही झाला : ‘लायनहार्ट’ २०१९ मध्ये ऑस्करच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट विभागातून बाद ठरला, कारण त्यातले बहुतेक संवाद इंग्रजी होते.

उत्तरेकडील कानो शहरातील हौसा भाषेतल्या चित्रपटांचा तर आपल्याशी थेट संबंध आहे. तिथे लेबनानी वितरकांनी आणलेले हिंदी चित्रपट कित्येक वर्षे चालत आणि त्यांतली गाणी, घरातल्या मोठ्यांचा मान, ठरवून होणारी लग्ने हे सारे हौसा प्रेक्षकांना आपलेसे वाटे. त्या धाटणीच्या प्रेमकादंबऱ्या हौसात निघाल्या आणि त्यांचे लेखक चित्रपटांकडे वळले. बलारबा रामत याकुबू या त्यांतल्या प्रमुख लेखिका. कादंबरीकार, पटकथाकार, निर्मात्या आणि दिग्दर्शक अशा सगळ्या भूमिका त्यांनी केल्या. त्यांच्या एका कादंबरीचा इंग्रजी अनुवाद २०१२ मध्ये चेन्नईच्या प्रकाशन संस्थेने काढला, म्हणजे ती उलट्या वाटेने आपल्या देशात पोहोचली. या लेखकांनी सोसलेही पुष्कळ : २००७ मध्ये कानोच्या गव्हर्नरांच्या हस्ते अशा कादंबऱ्यांची जाहीर होळी झाली आणि त्याच वर्षी चित्रपटांवरही कडक निर्बंध आले.

आपली बोली चालेल. बाहेरच्या प्रेक्षकासाठी खाली प्रमाण मराठीची अक्षरे द्या, पण पात्रांच्या तोंडचे ‘काय करायलास बे’ कुणाच्या सांगण्यावरून पुसू नका.

प्रश्न : हिशेब, परवाने, जाहिरात यांत अडकल्यावर लेखकाचे लेखन मागे पडत नाही का? — एक वाचक, अंबाजोगाई (जि. बीड)

उत्तर : पडते, आणि हे कबूल केल्याशिवाय कुणी निर्माता होऊ नये. नॉलिवूडमध्ये लेखणी धरूनच मोठे झालेले टुंडे बाबालोला आहेत; ‘ऑक्टोबर १’ आणि ‘सायटेशन’ या चित्रपटांच्या पटकथा त्यांच्या, निर्मिती आणि दिग्दर्शन कुन्ले अफोलायन यांचे. एक चांगला लेखक आणि त्याच्यावर विश्वास असलेला निर्माता असे जोडपे जमत असेल, तर लेखकाने डिझेलच्या पावत्या सांभाळण्यात काही अर्थ नाही. विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागातून आणि स्पर्धांमधून मराठवाड्याने लेखक भरपूर दिले, पण त्यांतल्या बहुतेकांना मुंबई-पुणे गाठावे लागले, कारण इथे निर्माता उभा राहिला नाही. ज्या गटात लेखक तीन आणि हिशेबाला बसणारा एकही नाही, तिथे कुणातरी एका लेखकाला ते काम पत्करावे लागते. अशाने ते दोन वर्षांसाठी पत्करावे, बँकेत गटाचे वेगळे खाते काढावे, आणि त्या दोन वर्षांत स्वतः नवे काही न लिहिता दुसऱ्या सदस्याची पटकथा निर्मितीला घ्यावी.